दिवाणी अपील गैरहजेरीमुळे काढून टाकले, पुढे काय करायचे?

नदीकाठ

माझ्या मामांचे वाटपाच्या दाव्यातले अपील जिल्हा न्यायालयात चालू होते. खालच्या कोर्टाचा निकाल त्यांच्या विरोधात गेला होता, पण अपिलात हुकूमनाम्याला, म्हणजे त्या कोर्टाच्या अंतिम आदेशाला, स्थगिती मिळाली होती. गेल्या महिन्यात तारखेच्या दिवशी मामा दवाखान्यात भरती होते आणि पुकारा झाला तेव्हा त्यांचे वकीलही कोर्टात नव्हते. 'अपिलार्थी व त्यांचे वकील पुकारूनही गैरहजर, सबब अपील काढून टाकण्यात येते' असा दोन ओळींचा आदेश झाला. आम्हाला तो कळला समोरच्या पक्षाकडून.

आता घरात प्रत्येकाचे वेगळे मत आहे. कुणी म्हणते सगळे संपले, कुणी म्हणते नवीन अपील टाका, कुणी थेट हायकोर्टात सेकंड अपील करायला सांगते. वकीलसाहेब 'रिस्टोअर करून घेऊ', म्हणजे अपील पुन्हा चालू करून घेऊ, म्हणतात, पण कधी ते सांगत नाहीत. स्थगिती गेली का, समोरचे आता जमिनीचा ताबा घेऊ शकतात का, हेही कळत नाही. जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे. अशी वेळ बऱ्याच जणांवर येत असणार, म्हणून वेगळा धागा काढते आहे.

काळा_कोट

नदीकाठ ताई, मी दिवाणी बाजूला वकिली करतो. सगळ्यात आधी आदेशाची तारीख बघा आणि त्या दिवसापासून ३० दिवस मोजा. बाकी सगळे नंतर वाचलेत तरी चालेल.

आता कायदा. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८, आदेश ४१ (संहितेतला अपिलांचा भाग) नियम १७. सुनावणीसाठी नेमलेल्या दिवशी अपील पुकारले आणि अपिलार्थी हजर नसेल तर कोर्ट अपील काढून टाकू शकते. 'टाकू शकते' असे आहे, टाकलेच पाहिजे असे नाही. कोर्ट पुढची तारीखही देऊ शकते आणि पुष्कळ न्यायाधीश एक-दोनदा देतातही. अपील दाखल करून घ्यायचे की नाही या पहिल्या टप्प्यावरच कुणी आले नाही, तर नियम ११(२) खाली तसाच आदेश होतो.

असा आदेश झाल्यावर मार्ग आहे नियम १९ चा. 'हजर न राहण्यास पुरेसे कारण होते' हे अपिलार्थीने सिद्ध केले, तर कोर्टाने अपील पुन्हा दाखल करून घेतलेच पाहिजे. इथे मात्र भाषा बंधनकारक आहे. खर्चाची किंवा इतर अट घालण्याचा अधिकार कोर्टाला आहे. अर्ज त्याच कोर्टात करायचा, ज्याने अपील काढून टाकले.

मुदत: मुदत कायदा १९६३, अनुच्छेद १२२. अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून ३० दिवस. तुम्हाला कळल्याच्या तारखेपासून नाही. आणि आदेशाची नक्कल मिळायला जे दिवस लागतात ते अपिलाच्या मुदतीतून कलम १२(२) खाली वजा होतात. रिस्टोरेशनच्या अर्जाला ती सवलत लागू नाही. 'नक्कल मिळाली की अर्ज करू' या भरवशावर राहून मुदत गेलेली प्रकरणे मी पाहिली आहेत. नक्कल मागाहून जोडता येते.

३० दिवस उलटून गेले असतील तर कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज सोबत द्यायचा. मग दोन गोष्टींचा खुलासा करावा लागतो: त्या दिवशी का आला नाहीत, आणि इतके दिवस अर्ज का केला नाही. दुसऱ्या प्रश्नावरच जास्त अर्ज फेटाळले जातात.

सेकंड अपील होणार नाही. संहितेच्या कलम २(२) मधल्या 'हुकूमनामा' या व्याख्येतूनच गैरहजेरीमुळे काढून टाकल्याचा आदेश वगळलेला आहे, त्यामुळे त्यावर हुकूमनाम्याविरुद्धचे अपील चालत नाही. नियम १९ चा अर्ज फेटाळला गेला तर मात्र त्या फेटाळण्यावर आदेश ४३ नियम १(ट) खाली अपील आहे. इंग्रजी प्रतीत हे पोटकलम 'टी' या अक्षराने शोधा. तिथेही अपयश आले तर कलम १०४(२) मुळे पुढचे अपील नाही.

ऐरणी

उपयुक्त माहिती. एक शंका. आमच्या नात्यातल्या एका प्रकरणात वकील गैरहजर होते आणि न्यायाधीशांनी 'रेकॉर्ड पाहिले, अपिलात तथ्य नाही, सबब फेटाळले' असे लिहिले. म्हणजे गैरहजेरीत गुणदोषांवर, अपिलातले मुद्दे बरोबर की चूक ते ठरवून, निकाल. हे चालते का?

काळा_कोट

नाही चालत. नियम १७(१) खाली एक स्पष्टीकरण आहे, ते १९७६ च्या दुरुस्तीने आले: या पोटनियमाचा अर्थ गुणदोषांवर अपील फेटाळण्याचा अधिकार आहे असा लावू नये. अपिलार्थी नसेल तर कोर्टापुढे दोनच वाटा उरतात, तारीख द्या किंवा गैरहजेरीमुळे काढून टाका.

सर्वोच्च न्यायालयाने हे अब्दुर रहमान विरुद्ध अथिफा बेगम (१९९६) मध्ये सांगितले, घनश्याम दास गुप्ता विरुद्ध माखन लाल (२०१२) मध्ये पुन्हा सांगितले आणि बेनी डिसूझा विरुद्ध मेल्विन डिसूझा (२०२३) मध्ये आणखी एकदा सांगावे लागले. तरतूद येऊन चार दशके लोटल्यावरही उच्च न्यायालयांच्या पातळीवर हे घडत होते, याचे मला खरोखर वाईट वाटते.

हा केवळ तांत्रिक मुद्दा आहे असे समजू नका. गैरहजेरीमुळे काढून टाकले तर नियम १९ चे दार उघडे राहते, 'मी त्या दिवशी का नव्हतो' हे सांगता येते. गुणदोषांवर फेटाळले की ते दार बंद, आणि तुमची बाजू न ऐकताच वरच्या कोर्टात जावे लागते. तुमच्या नातेवाइकांच्या प्रकरणात वरच्या कोर्टात हा एकच मुद्दा नीट मांडला तर प्रकरण परत पाठवले जाण्याची चांगली शक्यता आहे. पहिल्या अपिलाचे हे नियम आदेश ४२ मुळे सेकंड अपिलालाही लागू होतात.

बांधावरून

मी दुसऱ्या बाजूचा माणूस आहे. वडिलांनी दावा केला, वडील गेले, आम्ही वारस लागलो, हुकूमनामा आमच्या बाजूने झाला. समोरच्यांनी अपील करून स्थगिती घेतली आणि मग यायचेच बंद केले. अपील डिसमिस झाले. आम्ही दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावली तर लगेच रिस्टोरेशनचा अर्ज, थोडा खर्च भरून अपील पुन्हा जिवंत, स्थगिती पुन्हा चालू. परत तेच चक्र. जो खर्च कोर्टाने देववला त्यात आमच्या एका तारखेचे जाणे-येणे आणि वकिलांची फीसुद्धा निघाली नाही.

इथे सगळे अपिलार्थीच्या अडचणी सांगत आहेत. त्या खऱ्याही असतील. पण जो प्रत्येक तारखेला येऊन बाकावर बसतो त्याचे काय? आमच्या आईला हयातीत त्या जमिनीचा ताबा मिळाला नाही.

नदीकाठ

बांधावरून, तुमचे वाचून गप्प झाले. आमच्या समोरची माणसेही कदाचित असेच म्हणत असतील. मामांचे आजारपण खरे आहे, पण त्यांना ते कसे दिसत असेल हा विचार मी केला नव्हता.

काळा_कोट

बांधावरून, तुमची तक्रार रास्त आहे आणि कायद्यात तिला जागाही आहे, फक्त ती वापरली जात नाही. नियम १९ मध्ये 'खर्चाच्या किंवा इतर योग्य वाटतील त्या अटींवर' असे शब्द आहेत. रिस्टोरेशनच्या अर्जाला नुसते 'विरोध आहे' असे म्हणणे देऊ नका. लेखी म्हणण्यात आधीच्या गैरहजेरीच्या तारखा रोजनाम्यासह (तारखेनिहाय कामकाजाची कोर्टातली नोंद) मांडा आणि अटी मागा: अमुक तारखेच्या आत युक्तिवाद पूर्ण करावा, पुन्हा तारीख मागू नये, उत्पन्नाची रक्कम किंवा भाडे कोर्टात भरावे, प्रत्यक्ष झालेला खर्च द्यावा. कोर्टाला मागितल्याशिवाय अशा अटी सुचतीलच असे नाही.

अपील डिसमिस झाले की संहितेच्या कलम १४८-अ खाली कॅव्हेट दाखल करून ठेवा. तो ९० दिवस चालतो, म्हणजे तुम्हाला न ऐकता अंतरिम आदेश व्हायची भीती कमी होते. तुमच्या बाजूने उलट हरकती, म्हणजे निकालातल्या तुमच्या विरोधातल्या भागावरचे क्रॉस ऑब्जेक्शन, दाखल असतील तर त्या अपिलाबरोबर बुडत नाहीत. नियम २२(४) सांगतो की मूळ अपील मागे घेतले किंवा गैरहजेरीत काढून टाकले तरी त्या हरकती नोटीस देऊन ऐकता येतात.

सह्यकडा

वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला का, हा मूळ प्रश्न राहिलाच. फी भरली, वकीलपत्र दिले, कागद दिले. खेड्यातला माणूस रोज कोर्टात येऊन बसणार का?

काळा_कोट

यावर सर्वोच्च न्यायालयाचा गाजलेला निकाल म्हणजे रफिक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१). त्यात न्यायालयाने म्हटले की पक्षकाराने वकील नेमला, फी दिली, आपल्या हातात होते ते सगळे केले. हायकोर्टात आपले अपील कधी निघते यावर त्याने गावाहून येऊन पहारा ठेवावा अशी अपेक्षा नाही. अपील पुन्हा ऐकायला परत पाठवले आणि खर्च गैरहजर राहिलेल्या वकिलाकडून वसूल करायला सांगितले. फलोत्पादन विभाग, चंडीगढ विरुद्ध रघु राज (२००८) मध्येही तोच धागा पुढे नेलेला आहे.

पण रफिकचा हवाला दिला की काम झाले, असे समजू नका. सलील दत्ता विरुद्ध टी. एम. अँड एम. सी. प्रायव्हेट लिमिटेड (१९९३) मध्ये त्याच न्यायालयाने सांगितले की वकिलाची चूक म्हणजे प्रत्येक वेळी माफी, असा सरसकट नियम नाही. तिथे पक्षकार कलकत्त्यातलीच एक कंपनी होती आणि गैरहजर राहणे हा जाणूनबुजून घेतलेला पवित्रा होता. मग बिचारा अजाण पक्षकार ही भूमिका टिकली नाही. कोर्ट माणूस कोण आहे, कुठे राहतो, त्याने चौकशी केली का, हे पाहते. शेवटी वकील हा तुमचा प्रतिनिधी आहे, हेही कायदा विसरत नाही.

व्यवसायातला माणूस म्हणून हे लिहिताना मला जड जाते, पण एका दिवशी चार कोर्टांत बोर्डावर प्रकरणे असतील तर सहकाऱ्याला उभे करणे किंवा किमान मुदतीचा अर्ज पोचवणे हे वकिलाचे कर्तव्यच आहे. पक्षकाराला दोन दिवस आधी फोन करायला काही लागत नाही.

जुनी_शाई

मी न्यायालयातून लिपिक म्हणून निवृत्त झालो. कागदाच्या बाजूने थोडे लिहितो, कारण निम्मी भांडणे तिथेच सुटतात.

आधी रोजनाम्याची नक्कल काढा, नुसत्या आदेशाची नव्हे. कोणत्या तारखेला काय झाले, पुढची तारीख कशासाठी दिली, कोण हजर होते हे रोजनाम्यात असते. त्या दिवशी प्रकरण खरोखर सुनावणीला होते का ते पाहा. नोटीस बजावणीसाठी किंवा रेकॉर्ड मागवण्यासाठी नेमलेली तारीख असेल तर 'सुनावणीचा दिवस' होता का हा मुद्दा उभा राहतो आणि तो अर्जात घ्यायलाच हवा. पुकारा किती वेळा झाला तेही बघा. बरेच न्यायाधीश सकाळी पुकारतात, कुणी नसेल तर बाजूला ठेवतात आणि मधल्या सुट्टीनंतर पुन्हा पुकारतात. दुपारी तुमचे वकील आले असतील तर त्यांनी त्याच दिवशी अर्ज द्यायला हवा होता. तो दिला असेल तर त्याची नोंद शोधा.

तारीख ठरल्यापेक्षा आधीची घेतली गेली किंवा प्रकरण दुसऱ्या न्यायाधीशांकडे वर्ग झाले तर पक्षकाराला कळवल्याची नोंद आहे का, हे तपासा. वर्ग झालेल्या फायलींत गैरहजेरी फार होते. ऑगस्ट २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झाले. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांतली ज्यांची अपिले आहेत त्यांनी आपले प्रकरण आता कुठे आहे आणि तिथे आपल्या वतीने कोण उभे राहणार आहे, हे वकिलांना स्पष्ट विचारावे. मुंबईचे वकील दर तारखेला कोल्हापूरला जातीलच असे गृहीत धरू नका.

प्रत्येक प्रकरणाला १६ अंकी-अक्षरी सीएनआर क्रमांक असतो. तो ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपमध्ये टाकला की पुढची तारीख, टप्पा आणि बहुतेक वेळा आदेशही दिसतो. घरातल्या शिकल्या-सवरल्या मुलामुलींनी म्हाताऱ्या माणसांच्या केसेस आपल्या फोनवर जोडून द्याव्यात, एवढे कळकळीने सांगतो. माझ्या टेबलासमोर येऊन रडलेली माणसे मी विसरलेलो नाही.

अक्षरवेल

अर्जात नक्की लिहायचे काय? आमच्या वकिलांनी 'अपरिहार्य कारणामुळे हजर राहू शकलो नाही' एवढेच लिहिले आणि अर्ज पडला.

काळा_कोट

तो पडणारच होता. ज्या दिवशी अपील काढून टाकले त्या एका दिवसाचा हिशेब द्यावा लागतो. जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायजादा (२०००) या एकतर्फी हुकूमनाम्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की पुरेसे कारण पाहायचे ते त्या दिवसाच्या गैरहजेरीपुरते. आधीच्या जुन्या गैरहजेऱ्या त्यात मिसळू नयेत. म्हणून कोर्टाने मागचे सगळे काढले तर हा निकाल दाखवा. पण याचाच अर्थ असा की त्या दिवसाबद्दल तुम्हाला ठोस बोलता आले पाहिजे.

नदीकाठ ताईंच्या प्रकरणात मी असे लिहीन: अपिलार्थी अमुक तारखेला अमुक त्रासासाठी दवाखान्यात दाखल झाले, अमुक तारखेला घरी सोडले, डिस्चार्ज कार्ड जोडले आहे. नुसते 'विश्रांतीचा सल्ला' असलेले प्रमाणपत्र पुष्कळदा मागाहून घेतलेले असते आणि न्यायाधीशांना ते ओळखू येते. डिस्चार्ज कार्ड, औषधांची बिले, तपासण्यांचे रिपोर्ट यांना वजन असते. मग वकील कुठे होते? दुसऱ्या कोर्टात असतील तर तिथल्या रोजनाम्यात त्यांची हजेरी असेल, त्याची नक्कल जोडावी आणि त्यांनी स्वतःचे शपथपत्र द्यावे. वकील शपथपत्र द्यायला का-कू करत असतील तर त्यातूनच तुम्हाला बरेच कळेल. आदेश केव्हा आणि कुणाकडून कळला तेही लिहा, जरी मुदत आदेशापासून मोजली जात असली तरी. आणि जे खरे नाही ते एक अक्षरही लिहू नका. उलटतपासणीत एक खोटी तारीख सापडली की खरे आजारपणही कुणी मानत नाही.

मामांना बाहेर पडणे जमत नसेल तर ज्या मुलाला किंवा भाच्याला सगळे प्रत्यक्ष माहीत आहे त्याचेही शपथपत्र जोडा. कुलमुखत्यारपत्र असेल तर अर्जही त्याच्या सहीने होतो.

नदीकाठ

खूप आभार. नक्कल मागितली आहे आणि वकीलसाहेबांना 'नक्कल नंतर, अर्ज आधी' असे सांगितले. ते तयार झाले. स्थगितीचे तेवढे कळले नाही.

काळा_कोट

अपील नसेल तर स्थगिती कशावर उभी राहणार? डिसमिसच्या आदेशाबरोबर ती संपली. समोरचे आज दरखास्त पुढे नेऊ शकतात, म्हणून रिस्टोरेशनच्या अर्जासोबत अंतरिम स्थगितीचा वेगळा अर्ज द्या. अपील पुन्हा दाखल झाल्यावर जुनी स्थगिती आपोआप जिवंत होते का, यावर वरीद जेकब विरुद्ध सोसम्मा गीवर्गीस (२००४) हा दाव्याच्या संदर्भातला बहुमताचा निकाल आहे: पुनर्स्थापनेच्या आदेशात वेगळे म्हटले नसेल तर डिसमिसपूर्वीचे अंतरिम आदेश पुन्हा लागू होतात. तरी वादाला जागाच नको. 'पूर्वीची स्थगिती कायम' ही ओळ आदेशात मागून घ्या.

सह्यकडा

अपिलार्थी वारलेला असेल आणि कुणी आले नाही म्हणून डिसमिस झाले तर?

काळा_कोट

तो आदेश २२ चा विषय. ९० दिवसांत वारस लावण्याचा अर्ज. नाही केला तर त्याच्यापुरते अपील आपोआप रद्द होते, आणि ते रद्दपण उठवायला पुढे ६० दिवस. गैरहजेरीचा आणि हा मार्ग वेगळा आहे, त्यामुळे मृत्यूची तारीख दाखला जोडून लगेच कोर्टासमोर आणा. पक्षकार वारल्याचे कळले की ते कोर्टाला कळवणे हे नियम १०-अ खाली वकिलाचेही काम आहे.

ऐरणी

फौजदारी अपिलातही असेच डिसमिस होते का? भावाचे एक अपील आहे म्हणून विचारतो.

काळा_कोट

नाही. बनी सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य (१९९६): फौजदारी अपील दाखल करून घेतल्यावर नुसत्या गैरहजेरीवर काढून टाकता येत नाही, रेकॉर्ड पाहून गुणदोषांवरच निर्णय द्यावा लागतो. आरोपी तुरुंगात असेल आणि त्याचा वकील आला नाही तर सरकारी खर्चाने वकील नेमून द्यावा असेही त्यात म्हटले आहे. दिवाणीच्या बरोबर उलटे. म्हणून एकाच घरातल्या दोन केसेसचे नियम एकमेकांना लावू नका.

मोगरा_२

माझी अडचण उलटी आहे. मी उत्तरवादी, म्हणजे अपिलातली समोरची बाजू. दावा मी जिंकले होते. समोरच्यांनी अपील केल्याचे मला कळलेच नाही, मी तोवर दुसऱ्या शहरात राहायला गेले होते. आता समजले की अपील एकतर्फी मंजूर झाले आणि माझा हुकूमनामा रद्द. कोर्टात विचारले तर म्हणाले वर्तमानपत्रात नोटीस दिली होती. काही करता येते का?

काळा_कोट

मोगरा ताई, येते. उत्तरवादी गैरहजर असेल तर नियम १७(२) खाली अपील एकतर्फी ऐकले जाते, आणि अशा निकालाविरुद्ध नियम २१ खाली त्याच कोर्टात फेरसुनावणीचा अर्ज करता येतो. दोन कारणे चालतात: नोटीस रीतसर बजावली गेली नाही, किंवा हजर न राहण्याला पुरेसे कारण होते. मुदत कायद्याच्या अनुच्छेद १२३ प्रमाणे मुदत ३० दिवस. नोटीस रीतसर बजावलेली नसेल तर हे ३० दिवस निकालाच्या तारखेपासून नव्हे, तुम्हाला निकाल कळल्यापासून सुरू होतात. आणि त्या अनुच्छेदाच्या स्पष्टीकरणात लिहिलेले आहे की आदेश ५ नियम २० खालची पर्यायी बजावणी ही या मुदतीपुरती रीतसर बजावणी मानायची नाही. वर्तमानपत्रातली नोटीस त्यातच येते.

म्हणून तुम्हाला निकाल कोणत्या दिवशी, कसा कळला याचा पुरावा आजच जपून ठेवा. कोर्टात चौकशी केली असेल तर त्या दिवसाचा नक्कल अर्ज किंवा पाहणी अर्ज हाच चांगला पुरावा ठरतो.

जुनी_शाई

आणि बजावणीचा अहवाल जरूर काढा. बेलिफने कोणत्या पत्त्यावर, किती वेळा जाऊन काय शेरा मारला ते त्यात असते. तुमचा जुना पत्ता असेल आणि 'राहत नाही' असा शेरा असताना नवीन पत्ता न शोधता थेट पेपरात नोटीस दिली असेल, तर तो कागद अर्जाच्या पहिल्याच परिच्छेदात घ्यायला सांगा.